अच्युत पोतदार आणि दोन सीनची माणसं : चरित्र अभिनेत्याच्या कारकिर्दीवर बोलू या

धंतोलीकर

१८ ऑगस्ट २०२५ ला ठाण्यात अच्युत पोतदार गेले. नव्वदी ओलांडली होती. त्या दिवशी फोनवर जे काही फिरलं ते सगळं '३ इडियट्स'मधल्या त्यांच्या 'अरे, कहना क्या चाहते हो' या एका वाक्याभोवतीच होतं. त्या वाक्यानं त्यांना घराघरात नेलं हे खरंच, पण सव्वाशेहून जास्त सिनेमे केलेल्या माणसाची ओळख एका वाक्यात संपावी याचं मला फार वाईट वाटलं. म्हणून हा धागा.

आधी माणूस कोण ते बघा. जन्म १९३४ चा, जबलपूरचा. आपल्या नागपूरकर आजोबांच्या पिढीला जबलपूर परकं नव्हतं. १९५६ पर्यंत ते आणि नागपूर एकाच प्रांतात होते आणि राजधानी आपली होती. तिकडच्या मराठी घरांच्या सोयरिकी इकडे होत्या, अजूनही आहेत. पोतदारांनी रीवाच्या कॉलेजात शिकवलं, मग सैन्यात गेले, १९६७ ला कॅप्टन म्हणून बाहेर पडले. त्यानंतर जवळजवळ पंचवीस वर्षं इंडियन ऑइलमध्ये नोकरी केली आणि १९९२ ला निवृत्त झाले. सिनेमात आले ते चाळिशी ओलांडल्यावर, नोकरी सांभाळून. १९८० च्या 'आक्रोश'मध्ये ते आहेत. 'रंगीला'त उर्मिलाचे वडील तेच, आई रीमा लागू. पुढे 'लगे रहो मुन्नाभाई', 'व्हेंटिलेटर', आणि ऐंशी पार केल्यावर 'माझा होशील ना'मधले आप्पा.

शिक्षक, फौजी, कचेरीतला साहेब. पडद्यावर त्यांनी बहुतेक हेच केलं. आणि मला वाटतं त्यांच्या कामाचं मर्म इथेच आहे. ते खुर्चीत बसले की खुर्ची त्यांचीच वाटायची. फाईल उघडायची पद्धत, चष्मा काढून समोरच्याकडे बघणं, हे वर्कशॉपमध्ये शिकून येत नाही.

आता तो '३ इडियट्स'चा वर्ग नीट बघा. यंत्राची व्याख्या विचारली जाते, आमीरचा रँचो साध्या भाषेत सांगतो, पॅंटच्या चेनचं उदाहरण देतो, सर चिडतात. चतुर नावाचा विद्यार्थी पाठ केलेली व्याख्या धडाधड म्हणतो, सर खूश. रँचोला बाहेर काढतात. तो परत येतो, काहीतरी विसरलं म्हणतो, आणि पुस्तकाची लांबलचक पुस्तकी व्याख्या झाडतो. विनोद लेखकाचा आहे, टाळीचं वाक्य आमीरचं आहे. पोतदारांच्या वाट्याला काय? गोंधळणं. पण ते विनोदी नटासारखं गोंधळत नाहीत. डोळे मोठे करत नाहीत, कॅमेऱ्याकडे झुकत नाहीत. खरोखरच ऐकतात, समजून घ्यायचा प्रयत्न करतात, आणि समजत नाही तेव्हा मास्तरला येतो तसा राग येतो. तो राग खरा आहे म्हणून हशा पिकतो. तिथे कुणी 'कॉमेडी' केली असती तर सीन पडला असता.

दिग्दर्शक आपला नागपूरचा राजकुमार हिरानी. त्यानं त्या वर्गात हा माणूस उभा केला, यात त्याची पारख दिसते.

तर राजेहो, तुमच्या मनातली अशी माणसं सांगा. नुसती नावं नको. त्यांनी नेमकं काय केलं ते लिहा.

बर्डी_चौक

सुंदर लिहिलंत दादा. 'रंगीला'तले वडील तेच, हे आज कळलं. तो सिनेमा पाठ आहे मला. पण बघा ना, वडील लक्षात आहेत, नट कोण ते कधी विचारलंच नाही.

अक्षयवट

माझ्याकडून सदाशिव अमरापूरकर. नगरचा माणूस. गोविंद निहलानींनी त्यांना मराठी नाटकात पाहिलं आणि १९८३ च्या 'अर्धसत्य'मध्ये रामा शेट्टी दिला. एकूण किती वेळ आहेत ते पडद्यावर? फारच थोडा. पण ओम पुरींचा इन्स्पेक्टर वेलणकर ज्या भिंतीवर डोकं आपटतो ती भिंत म्हणजे रामा शेट्टी, आणि ती भिंत पोकळ वाटली असती तर सिनेमा उभाच राहिला नसता. तोवरचा हिंदी खलनायक आवाज चढवायचा. हा शांतपणे, धंद्याची गोष्ट केल्यासारखा बोलतो. भीती त्याचीच वाटते. फिल्मफेअरचं सहाय्यक अभिनेत्याचं बक्षीस मिळालं. पुढे 'सडक'मधल्या महाराणीसाठी खलभूमिकेचं बक्षीस मिळालं, ते फिल्मफेअरनं त्याच वर्षी सुरू केलेलं. म्हणजे त्या यादीतलं पहिलंच नाव एका मराठी नाटकवाल्याचं आहे.

मेडिकल_चौक

सगळ्यांचं पटतं, पण एक बोलायचं आहे. पोतदारांचं उदाहरण देताना आपण एक गोष्ट बाजूला ठेवतो. त्यांच्याकडे नोकरी होती. महिन्याच्या महिन्याला पगार येत होता म्हणून ते दोन सीनचं काम आनंदानं करू शकले. ज्याचं पोट फक्त त्याच दोन सीनवर आहे त्याचं काय? असे शेकडो नट आहेत. त्यांना 'छोटी भूमिका नसते' हे वाक्य ऐकवणं मला क्रूर वाटतं. त्या भूमिकेचे पैसे छोटेच असतात, आणि ते मिळायला मोठा काळ लागतो.

धंतोलीकर

मेडिकल_चौक, तुमचं म्हणणं मी खोडणार नाही. नोकरीनं त्यांना नाही म्हणायची मुभा दिली, हे खरंच आहे. पण उलटी बाजूही बघा. नोकरीनं त्यांना माणसं दिली. तेल कंपनीत पंचवीस वर्षं वरिष्ठ, कनिष्ठ, कंत्राटदार बघितल्यावर साहेबाची भूमिका वाचायला वेगळा अभ्यास लागत नाही.

रंगपट

मी या धंद्यात आतून थोडा वावरलो आहे म्हणून लिहितो. नागपुरात राज्य नाट्य स्पर्धेतून सुरुवात, मग काही वर्षं मुंबईत मालिका आणि सिनेमात लहान कामं. पोलीस हवालदार, मुलीचे काका, बँकेचे मॅनेजर. आता परत इकडेच असतो.

मेडिकल_चौक म्हणतात ते पैशाचं पूर्ण खरं आहे. मालिकेत आम्हाला 'पर डे' मिळतो, म्हणजे बोलावलं त्या दिवसाचे पैसे. आणि ते साधारण नव्वद दिवसांनी हाती येतात. तीन महिने भाडं, खाणं, लोकलचा पास कशातून काढायचा हे तुमचं तुम्ही बघायचं. एका निर्मात्याकडचे माझे पैसे तर मालिका बंद पडून कितीतरी काळ लोटल्यावर, फोन करून करून मिळाले. मधे समन्वयक असतो, त्याचं कमिशन वेगळं. हे सगळं सोसून जो नट तीस वर्षं काम केल्यावरही सेटवर वेळेआधी हजर असतो, पाठांतर करून, कपड्यांना नाव न ठेवता, त्याच्याबद्दल मला फार आदर आहे.

पण मला पैशाबद्दल नाही, 'क्यू'बद्दल, म्हणजे समोरच्या नटाला आपली वाक्यं देण्याबद्दल सांगायचं आहे. हे बाहेरच्यांना माहीत नसतं.

समजा हिरो आणि मी समोरासमोर बोलतोय. आधी दोघांचा मिळून शॉट होतो. मग कॅमेरा हिरोच्या तोंडावर जातो. मी फ्रेममध्ये नसतो, कॅमेऱ्याच्या शेजारी, लेन्सला चिकटून उभा असतो, कारण हिरोची नजर तिथे लागते. आणि मी माझी सगळी वाक्यं पुन्हा त्याच जोरानं, त्याच भावनेनं म्हणतो, म्हणजे त्याला प्रतिक्रिया द्यायला काहीतरी मिळतं. पाच टेक झाले तर पाचदा. रडायचं असेल तर तिथेही रडायचं. ते रडणं कुठेच रेकॉर्ड होत नाही. मग प्रकाशयोजना बदलते, कॅमेरा माझ्याकडे वळतो. तोवर हिरो बऱ्याचदा व्हॅनमध्ये गेलेला असतो. माझ्या क्लोजअपला समोर सहाय्यक दिग्दर्शक उभा असतो, हातात कागद, आणि तो हिरोची वाक्यं बातम्या वाचल्यासारखी सपाट वाचतो. कधीकधी माणूसही नसतो, स्टँडला लावलेली चिकटपट्टी असते, तिच्याकडे बघून बोलायचं. आणि घेतले तर दोन टेक मिळतात, कारण शिफ्ट संपत आलेली असते.

सगळे हिरो जात नाहीत. काही शेवटपर्यंत उभे राहून क्यू देतात, त्यांची नावं आम्ही एकमेकांना आवर्जून सांगतो.

तेव्हा पडद्यावर एखाद्या काकाचं, हवालदाराचं तोंड दोन सेकंद दिसतं आणि तुमच्या काळजात काहीतरी हलतं, तेव्हा समजा की तो माणूस चिकटपट्टीकडे बघत होता आणि तिथे त्यानं समोरचं माणूस उभं केलं होतं.

बर्डी_चौक

रंगपट दादा, अंगावर काटा आला. आता प्रत्येक सिनेमात हेच दिसणार मला.

मोरभवन

एक वेगळं नाव. जगदीश राज. हिंदीत १४४ सिनेमांत पोलीस झाले, गिनीज बुकात नोंद आहे. एकाच गणवेशात आयुष्य गेलं. मला नेहमी वाटतं, हे टाइपकास्ट होणं म्हणून हिणवायचं की एका कामातली हातोटी म्हणून बघायचं? लोहाराला कुणी म्हणत नाही की तू आयुष्यभर लोखंडच ठोकलंस.

रंगपट

दोन्ही असतं मोरभवन. शिक्का बसला की घर चालतं. निर्मात्याला फोन करताना विचार करावा लागत नाही, 'इन्स्पेक्टर हवा, त्यांना बोलवा'. पण त्याच शिक्क्यामुळे दुसऱ्या भूमिकेला कुणी विचारतही नाही. पस्तिशीत बापाचं काम घेतलं की पुढची वीस वर्षं बापच, हे मी डोळ्यांनी पाहिलंय. तरी बरेच जण ते घेतात, कारण बाप प्रत्येक मालिकेत लागतो.

त्रिमूर्तीनगरची_वैदेही

बायकांचं कुणी लिहिलं नाही म्हणून लिहिते. ललिता पवार. लहानपणी आम्ही त्यांचा इतका राग राग करायचो की मोठेपणी खरं कळल्यावर लाज वाटावी. त्या नायिका होत्या, हे किती जणांना माहीत आहे? १९४२ साली एका सिनेमाच्या शूटिंगमध्ये थोबाडीत मारायचा प्रसंग होता. समोर भगवानदादा होते. फटका खरोखर जोरात बसला. तोंडाची एक बाजू लुळी पडली, डाव्या डोळ्याला कायमची इजा झाली. बरं व्हायला वर्षं गेली आणि नायिकेची कामं संपली. मग त्यांनी चरित्र भूमिका घ्यायला सुरुवात केली. तो बारीक झालेला डोळाच खाष्ट सासूची ओळख झाला. पण त्याच डोळ्यानं १९५९ च्या 'अनाडी'त मिसेस डिसा पण केली. राज कपूरवर ओरडणारी आणि आतून माया करणारी घरमालकीण. त्याला फिल्मफेअर मिळालं. एकच चेहरा, एकच डोळा, आणि एकदा त्याचा तिटकारा येतो तर एकदा त्याच्या गळ्यात पडावंसं वाटतं.

आणि धंतोलीकर, पुरस्कारांवरून आठवलं. फिल्मफेअरनं सहाय्यक भूमिकांचं बक्षीस १९५५ लाच सुरू केलं होतं. पहिल्या वर्षी 'बूट पॉलिश'साठी डेव्हिड आणि 'बादबान'साठी आपल्या उषा किरण. राष्ट्रीय पुरस्कारांत मात्र ही वर्गवारी आली १९८४ च्या सिनेमांपासून. पहिल्या मानकरी रोहिणी हट्टंगडी आणि व्हिक्टर बॅनर्जी. म्हणजे ललिताबाईंची, आणि 'सामना'तल्या हिंदुराव पाटलाची, निळू फुलेंची, ऐन भरातली वर्षं सरकारदरबारी या नावाचा खणच नव्हता.

अक्षयवट

ताई, फार मोलाची माहिती. नंतर त्या यादीत आपली माणसं भरपूर आली. 'परिंदा'साठी नाना पाटेकर, 'हे राम' आणि 'चांदनी बार'साठी अतुल कुलकर्णी दोनदा.

वडसा_ते_नागपूर

नमस्कार मंडळी. मी गडचिरोलीकडचा, नोकरीनिमित्त नागपुरात. तुम्ही सगळे सिनेमाचं बोलून राह्यले, पण सहाय्यक नटाची खरी शाळा पाहायची असेल तर झाडीपट्टीत, म्हणजे आमच्या पूर्व विदर्भात या. दिवाळीनंतर सुरू होते ते होळीपर्यंत. गावात शंकरपट (बैलांची शर्यत) नाहीतर मंडई (जत्रा) असली की रात्री नाटक ठरलेलं. रात्री उशिरा पडदा उघडते अन् पहाटेलोक चालते. थंडी कडक, लोक घोंगड्या घेऊन बसलेले. त्यायले पहाटे चारला जागं ठेवाचं काम हिरोचं नसते, ते विनोदी नटाचं असते, खलनायकाचं असते. परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली, ते याच मातीतले, शेतकरी माणूस. विनोदी भूमिकांसाठी सगळ्या झाडीत नाव. आमच्याकडे पोस्टरवर त्यायचं नाव वाचून गर्दी होत होती. सिनेमात ज्याला तुम्ही सहाय्यक म्हणता तो आमच्याकडे नाटक ओढून नेते.

धंतोलीकर

वडसा_ते_नागपूर भाऊ, हे लिहिलंत याचा फार आनंद झाला. वसंतराव देशपांडे सभागृहात मुंबईचं नाटक आलं की आम्ही धावत जातो, आणि दोन-तीन तासांवरच्या या रंगभूमीचा एक प्रयोग बघायला बाहेर पडत नाही. या हंगामात जायचंच. तारखा कळल्या की इथे टाका.

इंदोरा

वीरा साथीदारांचं नाव कसं नाही आलं अजून? 'कोर्ट'मधले नारायण कांबळे. ते आपल्या नागपूरचे. कार्यकर्ते, 'विद्रोही'चे संपादक, आंबेडकरी चळवळीत आयुष्य घातलेले. १३ एप्रिल २०२१ ला कोरोनानं गेले, इथेच. आंबेडकर जयंतीच्या आदल्या दिवशी.

'कोर्ट'ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, भारताकडून ऑस्करला गेला. त्या सिनेमात शाहिरावर खटला चालतो, पण बोलतात सगळे दुसरेच. वकील बोलतात, न्यायाधीश बोलतात, पोलीस बोलतात. आरोपी पिंजऱ्यात उभा आणि बहुतेक वेळ गप्प. ते गप्प उभं राहणं बघा एकदा. लाचारी नाही, नाटकी ताठा नाही. ज्यानं सभा, मोर्चे, पोलीस ठाणी पाहिली आहेत तो माणूस असाच उभा राहतो. आणि स्टेजवर गायला लागला की हाच माणूस केवढा होतो. पोतदारांबद्दल वर जे लिहिलंय की आयुष्य घेऊन पडद्यावर आले, ते वीराभाऊंना शंभर टक्के लागू आहे. फरक एवढाच की त्यांच्याकडे पेन्शनची नोकरी नव्हती.

मेडिकल_चौक

इंदोरा, जय भीम. माझ्या मनातलं लिहिलंत. 'झुंड'चं पण सांगतो. नागराज मंजुळेंनी तो नागपुरात केला आणि वस्तीतली पोरं घेतली. अंकुश गेडामला पदार्पणाचं फिल्मफेअर मिळालं. अमिताभ बच्चन समोर असताना तो पोरगा दबत नाही. मला त्याच्या पुढच्या दहा वर्षांची काळजी आणि उत्सुकता दोन्ही आहे. अशा पोरांना दुसरं, तिसरं, दहावं काम मिळतं का, यावरून ठरेल की आपण त्यांना नट मानलं की फक्त 'अस्सल चेहरा' म्हणून एकदा वापरून घेतलं.

रंगपट

याला माझं मनापासून अनुमोदन.

नवा_सदस्य_मानेवाडा

पहिल्यांदाच लिहितोय. माझे बाबा पुढच्या वर्षी सरकारी नोकरीतून निवृत्त होणार. गेली कितीतरी वर्षं ऑफिस करून नाटकं करतात. सायंटिफिक सभागृहात राज्य नाट्यच्या प्राथमिक फेरीत त्यांना अभिनयाची प्रमाणपत्रंही मिळाली आहेत. मुंबईला जायचं कधी जमलं नाही, आमची शिक्षणं, आजीचं आजारपण. हा धागा मी त्यांना वाचून दाखवला. पोतदारांचं ऐकून बराच वेळ काही बोलले नाहीत, मग म्हणाले, विचार त्यांना, साठीत कुणी घेतं का. म्हणून विचारतो. घेतात का? आणि सुरुवात कुठून करायची?

रंगपट

घेतात. बाबांना सांगा, साठीतल्या माणसांची गरज कायम असते. आजोबा, न्यायाधीश, सरपंच, डॉक्टर, सोसायटीचे सेक्रेटरी. आणि त्या वयाचे, पाठांतर पक्कं असलेले, तब्येतीनं धड नट नेहमी कमी पडतात.

पूर्वी यासाठी मुंबईत राहून ऑफिसांच्या पायऱ्या झिजवाव्या लागायच्या. कास्टिंग डायरेक्टर, म्हणजे भूमिकेसाठी नट निवडणारा माणूस, ही जागाच आपल्याकडे उशिरा आली. आता पहिली फेरी बहुतेक मोबाइलवर होते. ते प्रसंग पाठवतात, तुम्ही घरी रेकॉर्ड करून पाठवायचा.

सुरुवातीला एक परिचयाचा व्हिडिओ करा. साधी भिंत, खिडकीचा उजेड समोरून, फोन आडवा. नाव, वय, उंची, कोणत्या भाषा येतात, कुठे राहतात. मग चेहरा डावीकडे, उजवीकडे, आणि एकदा पूर्ण उभे. फोटो साधे, फिल्टर नको, केस रंगवले असतील तर आत्ताच थांबवा. पांढरे केस हे त्यांचं भांडवल आहे. दाढी असलेला आणि नसलेला, दोन्ही फोटो ठेवा.

रंगमंचाच्या माणसाची एक सवय मोडावी लागते. शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवायची. कॅमेरा दोन हातांवर असतो. पलंगावर बसलेल्या बायकोशी बोलावं तितकंच बोलायचं. रोज एक पान फोनवर रेकॉर्ड करून स्वतः बघितलं की काही महिन्यांत फरक पडतो. कुणी शिकवायला लागत नाही.

आणि हे नीट वाचा. कास्टिंगसाठी, नोंदणीसाठी, 'पोर्टफोलिओ'साठी कुणी पैसे मागितले तर फोन ठेवून द्यायचा. काम देणारा पैसे देतो, घेत नाही. निवृत्तीचे पैसे हातात आलेल्या माणसाला हे लोक बरोबर हेरतात.

त्रिमूर्तीनगरची_वैदेही

बाबांना माझा नमस्कार सांग. आणि रात्री दुरांतोत बसलं की सकाळी मुंबई, फार लांब नाही ते.

मेडिकल_चौक

पेन्शन आहे, म्हणजे नव्वद दिवसांची चिंता नाही. बाबांनी नक्की करावं.

नवा_सदस्य_मानेवाडा

सगळ्यांचे खूप खूप आभार. रंगपट काका, एकच शंका. बाबांची बोली आपली नागपुरी आहे, नाटकात प्रमाण मराठी बोलतात पण घरी हेच. व्हिडिओत कोणती ठेवायची?

रंगपट

दोन्ही. आधी प्रमाण मराठीत एक लहान प्रसंग, मग तोच नागपुरीत, आणि तिसरा हिंदीत. भारत गणेशपुरेंनी टीव्हीवर वऱ्हाडी घरोघरी पोचवल्यापासून आपली बोली मागणारे फोन मला मुंबईहून येतात, पण ते विनोदासाठीच मागतात. बाबांना सांगा, नागपुरीत गंभीर प्रसंग करा. एखादा बाप मुलाला शेत विकल्याचं सांगतोय, असा. झाला की मला इथून निरोप पाठवा, मी बघून सांगतो आणि एक-दोन ओळखीच्या कास्टिंगवाल्यांकडे पुढे पाठवतो.